तारीख कुणाच्या गावी?

सोयरीक जुळवताना आपल्याकडच्या वयस्कर बायका एक प्रश्न हमखास विचारतात. मुलगा काय करतो, घरात माणसे किती, मेहर किती ठरवायचा, अशी बोलणी चाललेली असतात आणि मध्येच एखादी फुफू विचारते, "गाव किती लांब?" पुरुष मंडळी हसतात. आता काय लांब आणि काय जवळ, रात्री गाडीत बसले की सकाळी दारात, असे तिला सांगतात. तिचा प्रश्न मात्र ईदच्या येण्याजाण्यापुरता नसतो. मुलीला कधी परत यावे लागले तर रस्ता किती, हे तिला विचारायचे असते. शुभकार्याच्या बैठकीत ते तोंडाने म्हणता येत नाही इतकेच.

संसार मोडतो तेव्हा हेच अंतर कागदावर येते. नवरा एका शहरात, बायको माहेरी आणि दावा नवऱ्याच्या शहरात. मग तिच्या वतीने वरच्या कोर्टात अर्ज जातो की हा खटला मला सोयीच्या कोर्टाकडे वर्ग करावा. आपली न्यायालये असे अर्ज बऱ्याचदा मान्य करतात, आणि त्यावर दोन्हीकडून नाराजी आहे. पुरुष म्हणतात, कायदा सर्वांना सारखा असेल तर सोय एकाच बाजूची का पाहायची? काही शिकलेल्या स्त्रिया म्हणतात, आम्हाला ही मेहेरबानी नको. प्रश्न वरवर वकिली दिसतो. मला तो मुळात नीतीचा वाटतो. मोडलेल्या संसारातले अंतर कुणी चालायचे?

हे अंतर म्हणजे काय ते आधी पाहू. समजा, मुलगी लातूर जिल्ह्यातल्या खेड्यातली आणि सासर भिवंडीचे. नवरा यंत्रमागावर. पाच वर्षांत बिनसले, ती लहान मुलाला घेऊन माहेरी आली आणि तिने लातूरला पोटगीचा अर्ज केला. महिन्याभरात ठाण्याच्या कोर्टाचे समन्स हातात पडले. बायकोने नांदायला यावे, असा नवऱ्याचा दावा. उदाहरण मी रचलेले आहे. पण कोर्टाच्या आवारात चार दिवस काढलेला कुणीही सांगेल की त्यात नवलाचे काही नाही.

तारीख मंगळवारची. सोमवारी दुपारी ती एस.टी.ने लातूरला येते. भाऊ बरोबर असतो, म्हणजे त्याचे खाडे आले. मूल कडेवर, कारण घरी ठेवावे तर आजीच्या हाताला आता ते आवरत नाही. रात्रीची मुंबईची गाडी, जनरलचा डबा. सकाळी ठाण्याला उतरल्यावर कोर्ट सुरू व्हायला अकरा वाजायचे. तोवर बाईमाणसाने मूल घेऊन बसायचे कुठे? ठाणे-मुंब्र्यात नातेवाईक नसतात असे नाही. पण ज्या मामूंनी ही सोयरीक जुळवली त्यांच्याच घरी तोंड धुवायला जायचे म्हणजे सगळी कहाणी पुन्हा पहिल्यापासून सांगणे आले. त्यापेक्षा फलाट बरा. अकरानंतर पुकारा होतो. नवरा घरून तासाभरात आलेला असतो, सोबत दोन भाऊ, एखादा दोस्त. व्हरांड्यात ते काही बोलत नाहीत, नुसते बघत उभे राहतात. साहेब रजेवर असतात, किंवा समोरचे वकील मुदत मागतात. पुढची तारीख पडते. बारा वाजता सगळे संपलेले असते आणि परतीची गाडी रात्रीची. बुधवारी सकाळी ती गावात पोहोचते तेव्हा तिचे तीन दिवस गेलेले असतात, भावाची मजुरी गेलेली असते, आणि नवऱ्याची गेलेली असते अर्धी पाळी.

असे वर्षातून सहा-सात वेळा. एखाद्या तारखेला मूल तापाने फणफणले म्हणून ती गेली नाही, दुसऱ्या तारखेला भाडे जमले नाही, की एकतर्फी हुकूम. मग तोच हुकूम लातूरच्या पोटगीच्या अर्जात दाखवायचा की कोर्टाने सांगूनही ही नांदायला येत नाही. नांदण्याचा हुकूम पाळला नाही एवढ्यावरून बायकोची पोटगी आपोआप बुडत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाला जानेवारी २०२५मध्ये स्पष्ट करावे लागले. त्याआधी किती जणींची बुडाली असेल! नवऱ्याच्या म्हणण्यात तथ्य असो वा नसो, नुसत्या अंतरावर दावा जिंकता येतो, हे ज्याला एकदा कळले तो दुसऱ्यालाही शिकवतो.

कायद्यात यावर उपाय आहे. १९०८च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २४खाली राज्यातल्या राज्यात खटला हलवता येतो, आणि कलम २५खाली एका राज्यातून दुसऱ्या राज्यात. हा दुसरा अधिकार फक्त सर्वोच्च न्यायालयाला आहे. यात एक क्रूर गंमत आहे. जवळचे कोर्ट मिळावे म्हणून बाईला आधी देशातले सर्वांत लांबचे कोर्ट गाठावे लागते. राज्यातल्या राज्यातही, सिंधुदुर्गातल्या बाईला असा अर्ज घेऊन वर्षानुवर्षे मुंबई उच्च न्यायालय गाठावे लागे. ऑगस्ट २०२५मध्ये कोल्हापूरचे सर्किट बेंच सुरू झाले तेव्हा कुठे तो रस्ता आखूड झाला. स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, सरकारी खर्चाने वकील मिळण्याचा हक्क १९८७च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने दिला आहे. हे जिला ठाऊक आहे अशी बाई खेड्यात शोधावी लागते.

कलम २५मध्ये बायको हा शब्द नाही, सोय हाही नाही. न्याय साधण्यासाठी इष्ट वाटले तर खटला हलवावा, एवढाच त्याचा आशय. बायकोची सोय पाहावी, हे न्यायाधीशांनी निकालांमधून घडवलेले धोरण आहे. २००१च्या निकालपत्रांत सर्वोच्च न्यायालयाचा एक अगदी छोटा आदेश आहे. त्याचे म्हणणे असे की दावा नवऱ्याने बायकोवर लावलेला आहे, तेव्हा सोय बायकोची पाहिली पाहिजे. लोक या वाक्यातला उत्तरार्ध तेवढा लक्षात ठेवतात आणि स्त्रियांना झुकते माप दिल्याची तक्रार करतात. सगळे तत्त्व पूर्वार्धात आहे.

कारण हे तत्त्व स्त्रीसाठी म्हणून जन्मलेले नाही. ज्याला दुसऱ्यावर दावा लावायचा आहे त्याने त्याच्या दारी जावे, हा नियम रोमन कायद्यात होता, आणि आपल्या दिवाणी संहितेच्या कलम २०मध्येही प्रतिवादी राहतो तिथले कोर्ट हाच पहिला निकष आहे. हनफी फिक्हमध्ये यावर जुना वाद आहे. एका शहरात दोन काझी असतील आणि वादीला एक हवा, प्रतिवादीला दुसरा, तर मानायचे कुणाचे? इमाम अबू हनीफांचे दोन शिष्य इथे वेगळे झाले. अबू यूसुफ म्हणाले वादीचे, कारण दावा त्याचा. इमाम मुहम्मद म्हणाले प्रतिवादीचे, कारण बचाव त्याला करायचा आहे. पुढे अकराशे वर्षांनी, १८६९ ते १८७६ या काळात उस्मानी तुर्कांनी 'मजल्ला' ही संहिता तयार केली तेव्हा तिच्या कलम १८०३मध्ये प्रतिवादीच्या पसंतीचा काझी हे मत स्वीकारले गेले. या सगळ्यात स्त्री-पुरुषाचा उल्लेखही नाही. जो स्वस्थ बसला होता त्याला उठवून आणायचे असेल तर उठवणाऱ्याने चालावे, एवढी साधी सभ्यता त्यामागे आहे.

मग नवऱ्याच्या दाव्यात बायकोच्या गावचे कोर्ट ही सवलत कशी म्हणायची? ती प्रतिवादी आहे. बाजारातल्या उधारीच्या दाव्यात जो हक्क कोणत्याही दुकानदाराला मिळतो, तो लग्नाच्या दाव्यात तिला मिळाला की आपण त्याला दया म्हणतो. खरा प्रश्न विचारायचा असेल तर असा विचारा की हा हक्क तिला मुळात अर्ज करून का मागावा लागतो. उत्तर लग्नाच्या कायद्यांत आहे. १९५५च्या हिंदू विवाह कायद्याच्या कलम १९मध्ये प्रतिवादीच्या राहण्याच्या जागेबरोबर आणखीही जागा दिल्या आहेत, जसे लग्न जिथे लागले ते गाव, किंवा दोघे शेवटचे एकत्र जिथे राहिले ते. शेवटचे एकत्र राहिले ते घर बहुतेक वेळा सासरच असते. ती तिथून निघाली, तो तिथेच राहिला, आणि कायद्याने ती जागा दोघांची समान धरली. कागदावर यात अन्याय दिसत नाही. पण लग्न झाले तेव्हा घर सोडून कोण गेले होते?

मला वाटते, सारे उत्तर इथेच आहे. आपल्या समाजात लग्नाने एकच माणूस हलतो. मुलगा जिथे होता तिथेच राहतो, मुलगी गाव सोडते, कधी बोली सोडते, शाळा सोडते, हातातले काम सोडते. संसार टिकला तर या हलण्याचा हिशेब कुणी मागत नाही, आणि मागूही नये. तो मोडला म्हणजे तिला पुन्हा हलावे लागते. दोन वेळा हललेल्या माणसाला तिसऱ्यांदा, तेही महिन्या-दोन महिन्यांनी, हलायला लावणे आणि न हललेल्याला त्याच्या वेशीत बसवून ठेवणे, याला समानता कसे म्हणायचे? संसद या विचारापर्यंत उशिरा आली. २००३च्या दुरुस्तीने हिंदू विवाह कायद्यात आणि विशेष विवाह कायद्यातही एक उपकलम घातले गेले. बायको स्वतः दाव्यात उतरत असेल तर अर्ज करतेवेळी ती जिथे राहते तिथल्या कोर्टात तिला दावा लावता येतो. इथे ती प्रतिवादी नाही, वादी आहे. तरी अंतर तिच्यावर टाकलेले नाही. मला हे जुन्या नियमाच्या विरुद्ध वाटत नाही. जुना नियम जी सभ्यता पाळत होता तिचाच हा पुढचा भाग आहे.

ही बाजू नीट मांडली तर आणखी एका गोष्टीपासून सुटका होईल, जिचा मला मनापासून त्रास होतो. खटला वर्ग करण्याचे अर्ज वाचून पाहा. ठरावीक मजकूर असतो. अर्जदार असहाय आहे, तिला उत्पन्न नाही, ती एकटी प्रवास करू शकत नाही, सोबत येणारे कुणी नाही. बऱ्याच जणींच्या बाबतीत हे खरे असतेच. पण बी.एड. झालेली, स्कूटीवरून वीस किलोमीटरवर शाळेत शिकवायला जाणारी मुलगीही तेच वाक्य शपथेवर लिहून देते, कारण वकील सांगतो की याशिवाय अर्ज मंजूर होत नाही. हक्क मिळवण्यासाठी तिला आधी स्वतःला लुळे ठरवावे लागते. वर समोरचा वकील तिचा पगारपत्रक काढतो आणि म्हणतो, ही खोटे बोलते. झुकते माप नको म्हणणाऱ्या स्त्रियांचा राग मला इथे पटतो. 'मी एकटी येऊ शकत नाही' असे तिने का म्हणावे? 'मी का यावे?' असे तिला म्हणता आले पाहिजे.

आता नवऱ्याची बाजू. ती हसण्यावारी नेण्यासारखी नाही. आपल्या उदाहरणातला भिवंडीचा कारागीर कापडाच्या वारावर मजुरी घेतो. त्याला लातूरला तीन दिवस जावे लागले तर चूल त्याचीही विझते. कुणाची आई अंथरुणाला खिळलेली असते. कुणाची बायको सरकारी नोकरीत आणि तो बेकार, अशीही घरे आहेत, आता वाढत आहेत. शिवाय मायेने मिळणारी सवलत हत्यारासारखी वापरणारे दोन्हीकडे असतात. २००६मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका आदेशात सर्वोच्च न्यायालयानेच वैतागून नोंदले आहे की बायकांना दाखवलेल्या या उदारपणाचा गैरफायदा घेतला जातो, आणि प्रत्येक कोर्टासमोर दाखल करून घेण्याच्या दिवशी असे दहा-पंधरा अर्ज असतात. त्या प्रकरणात खटला हलवला गेला नाही. बायकोचा आणि सोबत येणाऱ्याचा येण्याजाण्याचा, राहण्याचा खर्च नवऱ्याने द्यावा, असे ठरले. २०२२मध्ये न्यायालयाने दोघांची आर्थिक स्थिती, सामाजिक थर, राहणीमान हे सगळे पाहायला सांगितले; मात्र आजची समाजरचना पाहता साधारणपणे बायकोचीच सोय पाहावी, असेही म्हटले.

हे 'साधारणपणे' मला योग्य वाटते. सुरुवात तिच्या गावापासून करावी आणि आपल्या बाबतीत ते अन्यायाचे कसे, हे दाखवण्याचा भार नवऱ्यावर टाकावा. बेकार नवरा आणि नोकरदार बायको असेल तर तो ते दाखवू शकेल, आणि दाखवले तर कोर्टाने त्याचेही ऐकले पाहिजे. प्रवासखर्चाचा तोडगा मात्र मला फारसा पटत नाही. खर्चाचा हुकूम होतो, पैसे येत नाहीत, पैशासाठी पुन्हा अर्ज, अर्जाची पुन्हा तारीख. आणि पैसे आले तरी व्हरांड्यात उभे असलेले ते तिघे काही जात नाहीत.

सोय कुणाची, हा प्रश्न दुसऱ्या टोकानेही विचारावा लागतो आणि तो विचारायला आपले लोक कचरतात. माहेर म्हणजे स्वातंत्र्य असे नेहमी नसते. माहेरच्या गावी खटला आला की बाप, चुलते, भाऊ रोज कोर्टाच्या दाराशी. नवऱ्याने वर्षाने येऊन समेटाची गोष्ट काढली आणि मुलीच्या मनात परत जाण्याचे असले, तरी ते तिला बापासमोर म्हणता येत नाही. खानदानाची इज्जत मध्ये येते. उलट ती ठामपणे वेगळी व्हायला निघाली असेल तर जमातीतली बडी मंडळी तिची समजूत काढायला सहज पोहोचतात, कारण कोर्ट आता त्यांच्या पायाखाली असते. शिवाय छळाचे साक्षीदार कोण? सासरच्या शेजारणी. रात्रीचा आरडाओरडा भिवंडीच्या चाळीने ऐकलेला, लातूरला कुणी ऐकलेला नाही. खटला जवळ आला आणि पुरावा लांब राहिला, असे होऊ शकते. म्हणून अर्ज करण्यापूर्वी त्या मुलीला एकटीला बसवून, दार लावून, तुला खटला कुठे हवा आहे, हे कुणीतरी विचारले पाहिजे. तिची सोय तिला ठरवू द्यावी. वकिलाच्या खोलीत बहुतेक वेळा भाऊ बोलतो आणि ती पदर सावरत बसलेली असते.

या सगळ्यावर यंत्राने तोडगा काढता येईल, असे न्यायालयाला एकदा वाटले होते. मार्च २०१७मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींनी सांगितले की खटले इकडून तिकडे हलवण्यापेक्षा व्हिडिओ कॉन्फरन्सिंग वापरा. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने दोन विरुद्ध एक मताने ते बाजूला सारले. सरन्यायाधीश दीपक मिश्रा आणि न्या. खानविलकर यांचा भर गोपनीयतेवर आणि समेटावर होता. कुटुंब न्यायालयाच्या कायद्यात बंद दाराआड कामकाजाची तरतूद आहे, पडद्यावर ती कशी राहणार? न्या. चंद्रचूड यांनी वेगळे मत दिले. तंत्राने न्याय जवळ येत असेल तर दार बंद का करायचे, असा त्यांचा रोख होता. पुढे २०२०च्या साथीत सगळीच कोर्टे पडद्यावर गेली. माझ्यापुरते सांगायचे तर जिथे फक्त पुढची तारीख घ्यायची आहे तिथे कुणालाही पाचशे किलोमीटर आणणे हा शुद्ध जुलूम आहे. त्यासाठी पडदा उत्तम. जबानीच्या दिवसाचे मात्र तसे नाही. मोबाइल भावाचा, खोली एकच, आणि पडद्याच्या चौकटीबाहेर कोण बसले आहे हे साहेबांना दिसत नाही. तिकडे चौकटीबाहेर सासूही असू शकते.

आता आपल्या घरातले. वर मी २००३च्या ज्या दुरुस्तीचे कौतुक केले, तिचा फायदा निकाहाने लग्न झालेल्या मुलीला मिळत नाही. तिला फस्ख मागायचा तर १९३९चा मुस्लिम विवाहविच्छेद कायदा. त्या छोट्याशा कायद्यात तलाक मागण्याची कारणे आहेत, नवऱ्याचा ठावठिकाणा नसेल तर नोटीस कुणाला द्यायची ते आहे, मेहरचा हक्क शाबूत राहील हे आहे. दावा कोणत्या गावी लावायचा याबद्दल अक्षर नाही. म्हणून सामान्य दिवाणी नियम लागू होतो. प्रतिवादी जिथे राहतो तिथे, म्हणजे नवऱ्याच्या गावी, किंवा दाव्याचे कारण जिथे घडले तिथे. 'कारण इथे घडले' हे तिला वाद घालून पटवावे लागते. मी माहेरी असताना याने दोन वर्षे पोटगी दिली नाही, म्हणून कारण इथले, असे म्हणायला जागा आहे. निकाह बहुधा मुलीच्या गावी लागतो, करार इथे झाला, असेही म्हणता येते. पण जे तिच्या शेजारणीला कायद्याच्या एका ओळीने मिळाले ते तिला युक्तिवाद करून मिळवावे लागते. भाकरीच्या बाबतीत असे नाही. पोटगीचा अर्ज बायको राहते तिथे करता येतो, हे १९७३च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत आले आणि जुलै २०२४पासून लागू झालेल्या नव्या संहितेतही ते आहे. २००५चा घरगुती हिंसाचाराचा कायदाही ती तात्पुरती राहते तिथले कोर्ट मानतो. ते दोन्ही सर्वांना सारखे. फक्त सुटका मागायची झाली की रस्ता लांब.

नवऱ्याला हा प्रश्नच पडत नाही. त्याचा तलाक कोर्टाबाहेरचा. तो कोर्टात येतो तो नांदायला पाठवा म्हणण्यासाठी, आणि तोही स्वतःच्या शहरातल्या. शायरा बानो यांचे प्रकरण सगळ्यांना तिहेरी तलाकमुळे ठाऊक आहे. ते सुरू कसे झाले हे फार थोड्यांना माहीत असते. २०१५मध्ये त्यांच्या नवऱ्याने अलाहाबादच्या कुटुंब न्यायालयात नांदायला येण्याचा दावा लावला. शायरा बानो तेव्हा उत्तराखंडातल्या काशीपूरला, माहेरी होत्या. त्यांनी सर्वोच्च न्यायालयात अर्ज केला तो तलाकविरुद्ध नव्हता; हा दावा अलाहाबादहून काशीपूरला वर्ग करावा, एवढेच मागणे होते. म्हणजे आपण ज्या विषयावर बोलतो आहोत तोच अर्ज. त्यानंतर ऑक्टोबर २०१५मध्ये नवऱ्याने तलाकनामा लिहून दिला आणि आपला दावा मागे घेतला. दावाच उरला नाही, तेव्हा तो हलवण्याचा प्रश्नही उरला नाही. मग २०१६मध्ये त्या नव्या याचिकेसह आल्या आणि २२ ऑगस्ट २०१७ रोजी पाच न्यायमूर्तींच्या पीठाने तीन विरुद्ध दोन मताने एका दमात दिलेला तलाक रद्दबातल ठरवला. नवऱ्याच्या मनात काय होते ते मी सांगणार नाही, मला ते ठाऊक असण्याचे कारण नाही. रचना तेवढी पाहावी. कोर्ट त्याच्या शहरातले असेपर्यंत त्याला कोर्ट चालत होते. ते तिच्या शहरात जाण्याची वेळ आली तेव्हा त्याच्याजवळ कोर्टच टाळण्याचा मार्ग होता. तिच्याजवळ तसा कोणताच नव्हता.

शरीअतमध्ये याला जागा नाही, असे कुणी म्हणू लागले तर त्यांना १९३९च्याच कायद्याची जन्मकथा आठवण करून द्यावी. हनफी मतात बेपत्ता किंवा पोटगी न देणाऱ्या नवऱ्यापासून सुटण्याचा मार्ग जवळजवळ नव्हता. स्त्रिया सुटकेसाठी धर्मच सोडू लागल्या. तेव्हा मौलाना अशरफ अली थानवींसारख्या कडक आलिमांनी मालिकी मताचा आधार घेतला आणि त्यातून तो कायदा आला. स्त्रीची अडचण पाहून एका मजहबातून दुसऱ्या मजहबाचा नियम उचलण्याइतकी लवचीकता ज्यांनी दाखवली, त्यांच्या वारसांना कोर्टाच्या गावाचे नाव बदलणे जड जाऊ नये. मदिनेतली एक स्त्री पहाटेच्या अंधारात हजरत पैगंबरांच्या दाराशी येऊन उभी राहिली आणि या माणसाजवळ मला राहायचे नाही म्हणाली, ही हकीकत खुलाच्या चर्चेत नेहमी सांगितली जाते. आपण तिच्यातून मेहर परत करण्याचा नियम काढतो. न्यायाचे दार तिच्या घरापासून पायी जाण्याच्या अंतरावर होते, याकडे कुणी लक्ष देत नाही.

मागणी लहान आहे. १९३९च्या कायद्यात एक ओळ घालावी की बायको दावा लावताना जिथे राहते तिथले कोर्ट तिला चालेल. त्याला ना शरीअतचा विरोध, ना समान नागरी कायद्याच्या भांडणाशी संबंध. ती ओळ येईपर्यंत आपल्या हातात निकाहनामा आहे. त्यात मेहरचा आकडा असतो, वकील आणि गवाहांची नावे असतात, अटी लिहायला कोरी जागा असते आणि ती बहुतेक वेळा कोरीच राहते. करार करून कोर्टाला नसलेला अधिकार देता येत नाही, हे खरे. पण जिथे दोन ठिकाणची कोर्टे चालू शकतात तिथे आम्ही मुलीच्या गावचे मानू, एवढे दोघांना लिहून देता येते. तिथे वाद झाला तरी काझीसमोर, दोन गवाहांच्या सहीने कबूल केलेली गोष्ट न्यायाधीश सहज डावलणार नाहीत. निकाहाच्या मजलिसीत असली अट काढली तर मुलाकडचे म्हणतील, आताच तलाकची भाषा? मेहरची रक्कम लिहिताना कुणी असे म्हणत नाही.